माझ्या कल्पित जगाची रंगविद्या शिकायला कच्छला

बरेच दिवस मी एक कल्पित जग लिहितेय. त्यात मंत्र नाहीत, कांड्या नाहीत, ड्रॅगनही नाहीत. तिथली सगळ्यात मोठी विद्या म्हणजे रंगविद्या, अर्धी कला आणि अर्धं शास्त्र, आणि ती येणाऱ्या लोकांना मी रंजक म्हणते. फँटसी गोष्टींमध्ये रंग आले की बहुतेक वेळा लाल म्हणजे आग, निळा म्हणजे पाणी, हिरवा म्हणजे जंगल एवढ्यावरच काम भागवतात आणि मला ते अजिबात पुरत नाही, कारण त्यात कुणालाच काही शिकावं लागत नाही. विद्या म्हटली की तिला नियम पाहिजेत, ती वेळ खाणारी पाहिजे, चुकीच्या पाण्यात ती फसली पाहिजे. हे सगळं घरात बसून सुचेना. मग ठरवलं की जिथे लोक पिढ्यानपिढ्या खरोखर रंग बनवतात तिथेच जायचं, आणि अजरखचं, म्हणजे कच्छमधल्या ठशांनी छापलेल्या कापडाचं, नाव डोक्यात होतंच. मावशीला सांगितलं तर ती लगेच तयार, तिला कित्येक वर्षांपासून कारखान्यातूनच अजरखची साडी घ्यायची होती.

गुरुवार

बोरिवलीहून कच्छ एक्सप्रेस पकडली. संध्याकाळची गाडी, रात्रभर प्रवास. मावशीने थेपले न आणता मुद्दाम गुळाच्या पोळ्या आणल्या होत्या, म्हणाली थेपले तिकडे मिळतीलच की. सकाळी जाग आली तेव्हा सूरजबारीची खाडी आली होती, दोन्ही बाजूला मिठागरं आणि पांढरे ढीग. तिथून कच्छ सुरू होतं. भुजला उतरलो तर चांगलीच थंडी, स्वेटर बॅगेत अगदी तळाला.

शुक्रवार

होमस्टेवाल्या भाईंनी आधीच सांगितलं होतं की शुक्रवारी जुम्मा असतो, अजरखपूरला बरेच कारखाने बंद मिळतील, तर आज भुज बघून घ्या. मग आयना महाल, कच्छ म्युझियम (1877 चं, गुजरातमधलं सगळ्यात जुनं), हमीरसर तलाव, दाबेली. आयना महालाबद्दल एवढंच सांगते की अठराव्या शतकात राव लखपतजींच्या काळात रामसिंह मालम नावाच्या माणसाने तो उभा केला, हा माणूस युरोपात जाऊन काच, टाइल्स, मीनाकाम असलं सगळं शिकून आला होता. म्हणजे राजाने एका कारागिराच्या हातातल्या विद्येवर अख्खा महाल बांधून घेतला. हे मी वहीत लिहून ठेवलं, माझ्या गोष्टीतल्या राजाला असंच एक वेड द्यायचंय.

शनिवार

आता खरी गोष्ट. अजरखपूर भुजपासून पंधरा किलोमीटरच्या आत आहे, रिक्षाने गेलो. गाव जुनं नाही, 2001 च्या भूकंपानंतर वसवलेलं आहे, त्याची गोष्ट पुढे येईल. अंगणात, गच्चीवर, मोकळ्या जागेत, जिकडे बघावं तिकडे कापड वाळत घातलेलं. एका कारखान्यात आधी फोन करून ठेवला होता. तिथल्या काकांनी पहिल्यांदा चहा दिला आणि मग विचारलं, "बेन, देखना है कि समझना है?" मी म्हटलं समझना है. मग म्हणाले तर मग दोन दिवस या, आज छपाई आणि उद्या नीळ आणि भट्टी.

अजरख म्हणजे ठसे मारून रंग लावणं असं बऱ्याच जणांना वाटतं. पण ठशाने तिथे रंग लावतच नाहीत, निदान आपण ज्याला रंग म्हणतो तो तरी नाही. हे मला आख्ख्या ट्रिपमध्ये सगळ्यात महत्त्वाचं वाटलं म्हणून जरा नीट सांगते.

सुती कापडाला रंग आपणहून धरत नाही. मंजिष्ठा या लाल रंग देणाऱ्या वेलीच्या मुळांच्या पाण्यात नुसतं पांढरं कापड उकळलं तर गुलाबीसर डाग पडतो आणि दोन धुण्यात निघून जातो. मध्ये एक तिसरं कुणीतरी लागतं जे एका हाताने धाग्याला धरेल आणि दुसऱ्या हाताने रंगाला. तुरटी हे काम करते, लोखंडाचा क्षार करतो. याला रंगबंधक म्हणतात. आणि गंमत अशी की तोच रंग तुरटीवर लाल येतो आणि लोखंडावर काळपट. म्हणजे कुठला रंग येणार हे रंगाच्या भांड्यात ठरत नाही, कापडावर आधी काय छापलंय त्यावर ठरतं. पहिल्या शतकात रोमन लेखक प्लिनीने इजिप्तच्या रंगाऱ्यांबद्दल हेच आश्चर्याने लिहून ठेवलंय, की कढईत रंग एकच असतो आणि कापड बाहेर येतं ते वेगवेगळ्या रंगांचं. आणि आपल्याकडे तर मोहेंजोदडोला चांदीच्या भांड्याला चिकटून राहिलेला मंजिष्ठात रंगवलेल्या सुताचा तुकडा सापडलाय, म्हणजे हे ज्ञान या भागात चार हजार वर्षांहून जुनं आहे.

कारखान्यात सगळ्यात आधी कापड मारून मुटकून तयार करतात. सोडा, एरंडेल आणि उंटाच्या लेंड्या यांच्या मिश्रणात ते भिजवून, तुडवून, रात्रभर दाबून ठेवतात, वाळवतात, पुन्हा करतात. मावशीने लेंड्या ऐकून नाक मुरडलं पण काकांनी तयार झालेलं कापड तिच्या हातात दिल्यावर गप्प झाली, एकदम मऊ आणि पाणी टाकलं की लगेच शोषून घेणारं. मग हिरड्याच्या पाण्यात बुडवतात. हिरड्यात टॅनिन भरपूर, कापड पिवळसर होतं. मी काकांना सांगितलं की आमच्याकडे जुन्नर-आंबेगावच्या डोंगरातले आदिवासी लोक हिरडा गोळा करून विकतात, तर ते म्हणाले हरडे के बिना हमारा कोई काम ही नहीं होता. भीमाशंकरच्या वाटेवर पायाखाली पडलेले हिरडे मी कितीदा बघितलेत, आता पुढच्या वेळी उचलणार.

त्यानंतर ठसे. ठसे सागवानाचे, बरेचसे गांधीनगरजवळच्या पेथापूरहून कोरून येतात. पहिला ठसा चुना आणि डिंकाचा. हा ठसा जिथे बसला तिथे शेवटपर्यंत पांढरं राहणार. दुसरा काळ्याचा. काळ्यासाठी भंगार लोखंड, गूळ आणि पाणी पिंपात घालून वीसेक दिवस आंबत ठेवतात, थोडं बेसन पण घालतात. काकांनी झाकण काढून दाखवलं, वर पिवळट फेस, खाली घोड्याच्या नाला, सळ्या, गंजलेले तुकडे, आणि वास असा की डोळ्यात पाणी आलं, आंबट आणि लोखंडी. हे पाणी गाळून चिंचोक्याच्या पिठात शिजवून घट्ट करतात. छापणारा पोरगा असेल वीस-बावीस वर्षांचा. ठसा ट्रेमध्ये हलकेच दोनदा टेकवला, कापडावर कोपऱ्याला कोपरा जुळवला, आणि मुठीने वरून एक ठोका. ठसा उचलला तेव्हा रेघ करडी होती, आम्ही बघत असतानाच ती काळी होत गेली, कारण खाली हिरड्याचं टॅनिन वाट बघत बसलेलं. पेन्सिलची खूण नाही, पट्टी नाही, नुसत्या नजरेने आख्खी साडी सरळ रेषेत.

तिसरा ठसा तुरटीचा. आणि इथे मी खरंच थांबले. तुरटीला स्वतःचा रंगच नाही. छापणाऱ्याला आपण कुठे छापलंय हे दिसावं म्हणून त्या लगद्यात थोडा कच्चा रंग मिसळतात जो पुढे धुऊन जातो. म्हणजे तो पोरगा दिवसभर अशी गोष्ट छापत असतो जी दिसत नाही, तो लाल उद्या भट्टीत उगवणार असतो. मी त्याला विचारलं की चुकलं तर कळतं कधी, तर म्हणाला, "उबालने के बाद."

संध्याकाळी होमस्टेवर बसून मी माझ्या गोष्टीत नवीन भाग लिहिला. माझ्या जगात रंजकांची पत्रं कोरी असतात. निरोप तुरटीने छापलेला, दूत कोरं कापड घेऊन सीमा ओलांडतो, पहारेकऱ्यांना काही सापडत नाही, आणि ज्याच्यासाठी पत्र आहे त्याच्याकडे मंजिष्ठाची कढई असेल तरच अक्षरं लाल होऊन वर येतात. यात जादू काहीच नाही, आपल्याच जगातलं रसायनशास्त्र आहे, आणि तरी मला ते कुठल्याही मंत्रापेक्षा जास्त भारी वाटतं. मावशीला वाचून दाखवलं तर तिने विचारलं, "आणि वाटेत पाऊस आला तर?" चांगला प्रश्न आहे, तोही घेतलाय गोष्टीत.

रविवार

सकाळी परत अजरखपूर. आधी पाऊण-एक तास एलएलडीसी (लिव्हिंग अँड लर्निंग डिझाइन सेंटर) म्युझियम बघितलं, श्रुजन संस्थेचं, त्या संस्थेच्या संस्थापक चंदाबेन श्रॉफ यांना 2006 चा रोलेक्स पुरस्कार मिळाला होता. कच्छच्या वेगवेगळ्या समाजांची भरतकामं तिथे इतक्या प्रेमाने मांडलीत की त्यावर वेगळं लिहावं लागेल, आत्ता नाही.

कारखान्यात नीळ. नीळ हा प्रकार बाकी सगळ्यांपेक्षा वेगळा, तिला तुरटी लागत नाही की लोखंड लागत नाही. तिची अडचण अशी की ती पाण्यात विरघळतच नाही. मग तिला चुन्याच्या पाण्यात घालून हवेपासून तोडावं लागतं, आणि आंबवण्यासाठी गूळ किंवा टाकळ्याच्या बिया. हो, आपला पावसाळ्यात भाजी करतो तोच टाकळा! आंबता आंबता पाण्यातला प्राणवायू संपतो, नीळ आपलं निळेपण सोडते, पिवळट-हिरवी होते आणि आता कुठे विरघळते. त्या अवस्थेत ती धाग्यात शिरते. बाहेर काढलं की हवा लागून परत निळी, आणि आता धाग्याच्या आत अडकलेली, निघणार कुठे.

जमिनीत खोल हौद, वर जांभळट तांब्यासारखी चकाकणारी साय. काकांच्या भावाने हौदात हात घातला, बोटं वर काढून वास घेतला, जिभेच्या टोकाला लावलं आणि म्हणाले आज ठंडा है, धीरे चलेगा. थंडीत हौद मंद होतो, त्याला ऊब लागते. ना पीएच पेपर ना थर्मामीटर. मग कापड आत. आधी लाल-काळ्या भागांवर माती, डिंक, तुरटीचा लगदा छापून त्यावर लाकडाचा भुसा भुरभुरवलेला होता म्हणजे तिथे नीळ पोचू नये. कापड वर आलं तेव्हा सरळ सरळ हिरवं होतं, कोवळ्या पोपटी रंगाचं. दोघांनी दोन टोकांना धरून ते उन्हात पसरलं. कडांपासून निळं व्हायला लागलं आणि मग डाग डाग करत आत सरकत गेलं, मिनिट दोन मिनिटांत सगळं निळं. आमच्यापैकी कुणीच काही बोललं नाही, मावशी तर मोबाईल काढायचंही विसरली.

मी त्या हौदाजवळ बराच वेळ बसून होते. माझ्या रंजकांच्या शाळेत आता पहिलं वर्ष फक्त हौद सांभाळण्याचं आहे. विद्यार्थ्याला एक जिवंत हौद देतात, त्याला खाऊ घालायचं, ढवळायचं, थंडीत झाकायचं, आणि वर्षाच्या शेवटी हौद मेला तर विद्यार्थी घरी. परीक्षा वेगळी नाहीच.

दुपारी भट्टी. मोठं तांब्याचं भांडं, खाली लाकडं. आत मंजिष्ठाचा रंग, सोबत धावडीची फुलं म्हणजे आपली धायटी, तिच्यामुळे पांढऱ्या भागावर लाल चढत नाही. बऱ्याच ठिकाणी आता मुळांऐवजी अलिझरीनची पावडर वापरतात आणि काकांनी ते लपवलं नाही. यावर नाकं मुरडणारे लोक मी बघितलेत, मला ते पटत नाही. अलिझरीन हा युरोपातल्या मंजिष्ठाच्या मुळातलाच रेणू आहे, 1869 मध्ये जर्मनीतल्या ग्रेबे, लिबरमान आणि कारो यांनी आणि इंग्लंडमधल्या पर्किनने एका दिवसाच्या फरकाने त्याच्या कारखानदारी पद्धतीचं पेटंट मागितलं, आणि त्यानंतर थोड्याच वर्षांत युरोपातली मंजिष्ठाची शेती बसली. आपल्या भारतीय मंजिष्ठात अलिझरीन तसंही कमीच, पर्प्युरिन आणि मंजिस्टिन ही रंगद्रव्यं जास्त, त्यामुळे तिचा लाल थोडा केशरीकडे झुकतो. काकांकडे दोन्ही तुकडे शेजारी शेजारी ठेवलेले होते. मुळांचा लाल मला जास्त आवडला, मावशीला पावडरचा. हात, ठसे, बंधक, पाणी, ऊन हे सगळं दोन्हीकडे तेच आहे.

कापड भांड्यात गेलं तेव्हा मळकट निळं-करडं होतं, काठीने सारखं वरखाली करत राहिले आणि हळूहळू काल त्या पोराने छापलेली न दिसणारी फुलं लाल होऊन वर आली. एकही ठसा हललेला नव्हता. पोरगा तिथेच उभा होता, बघून नुसता हसला.

मावशीने साडी घेतली. घासाघीस केली नाही. एवढ्या पायऱ्या (चौदा म्हणतात, सोळा म्हणतात, डिझाइनवर आहे) स्वतःच्या डोळ्यांनी बघितल्यावर तिने फक्त विचारलं की हळदीचे डाग पडले तर काय करायचं.

सोमवार

निरोणा. भुजहून चाळीसेक किलोमीटर. इथे रोगन कला, अब्दुल गफूर खत्रींना यासाठी 2019 मध्ये पद्मश्री मिळाली. एरंडेल तेल दोनेक दिवस आटवतात, ते चिकट, दोरा निघेल असं होतं, मग त्यात रंगद्रव्य घोटून मातीच्या भांड्यात पाण्याखाली ठेवतात म्हणजे सुकत नाही. थोडा गोळा तळहातावर, एक लोखंडी काडी, आणि काडीच्या टोकाला लोंबणारा रंगाचा धागा. काडी कापडाला टेकतच नाही, धागाच पडत जातो. अर्धं चित्र काढून कापड मधोमध दुमडलं की दुसरं अर्धं आपोआप. बस भरभरून टुरिस्ट येत होते त्यामुळे जास्त बोलता आलं नाही. पलीकडच्या गल्लीत लाखेचं काम बघितलं, दोरीने फिरवायच्या चरकावर लाकूड फिरत असतं आणि रंगीत लाखेची कांडी टेकवली की घर्षणाच्या उष्णतेनेच ती वितळून चढते. मावशीने लाटणं घेतलं.

माझ्या दृष्टीने निरोणाचा मुद्दा हा की इथला रंग धाग्यात शिरत नाही, वर बसतो. अजरखपूरची विद्या आणि ही विद्या दोन वेगळी घराणी आहेत. गोष्टीत आता यांचं भांडण लावणार आहे, शिरणारे आणि बसणारे, आणि दोघांचं म्हणणं मला खरंच पटतं त्यामुळे लिहायला मजा येईल.

मंगळवार

धमडका, अजरखवाल्यांचं जुनं गाव. इथे यायचंच होतं. भुजच्या पूर्वेला, पन्नासेक किलोमीटर. सोळाव्या शतकात राव भारमल पहिले यांच्या बोलावण्यावरून खत्री लोक, म्हणजे हे छपाईचं काम करणारा समाज, सिंधमधून इथे आले, सारण नदीकाठी वाहतं पाणी बघून बसले. वाहतं पाणी लागतंच, कारण प्रत्येक टप्प्याला धुणं आहे. पुढे नदी आटत गेली, विहिरी, मग बोअर. आणि 26 जानेवारी 2001 च्या भूकंपात गाव तर कोसळलंच पण त्याहून वाईट म्हणजे जमिनीखालचं पाणी बदललं, त्यात लोखंड वाढलं.

शनिवारी छपाईच्या बाजूला बसून जे शिकले होते ते आता डोक्यात लख्ख झालं. पाण्यातच लोखंड असेल तर सगळं कापड आपोआप बंधक लावल्यासारखं होणार, लाल मळका येणार, पांढरं करडं पडणार. लोकांनी घरं परत बांधली असती, ठसे परत कोरून घेतले असते, पण पाण्याचं काय करणार? म्हणून मग समाजाने एकत्र येऊन नवीन जागा बघितली, पाणी तपासून घेतलं, जमीन विकत घेतली आणि अजरखपूर वसवलं. या सगळ्यात पुढे असलेल्या इस्माईल मोहम्मद खत्रींना नंतर इंग्लंडच्या डी मॉंटफर्ट युनिव्हर्सिटीने मानद डॉक्टरेट दिली. काही कुटुंबं मात्र धमडक्यातच राहिली आणि अजून काम करतात. आम्ही एका घरी चहा प्यायलो, तिथल्या चाची म्हणाल्या की हमने पानी के साथ निभा लिया. कसं, ते त्यांच्या मुलाने दाखवलं, कुठल्या पाण्याने काय धुवायचं आणि कुठल्याने नाही याची त्यांची ठरलेली पद्धत आहे.

नदीचं पात्र बघितलं. कोरडं, बाभळी आणि दगड. मावशी म्हणाली, "अगं तुझ्या गोष्टीत युद्ध कशाला पाहिजे, हेच लिही ना." आणि खरंय. माझ्या आराखड्यात शेवटी एक मोठी लढाई होती, ती मी परतीच्या रिक्षातच काढून टाकली. आता शेवटी नदीला लोखंड येतं. रंजकांचा लाल एके दिवशी मळका येतो, सगळे एकमेकांवर संशय घेतात, कुणी म्हणतं ठसा खोटा, कुणी म्हणतं तुरटीत भेसळ, आणि शेवटी एक म्हातारी पाणी चाखते. मग अर्धं शहर हौद बैलगाड्यांवर चढवून निघतं आणि अर्धं तिथेच थांबतं.

बुधवार

परतीची गाडी रात्रीची होती म्हणून सकाळी परत एकदा अजरखपूर, फक्त काकांना भेटायला. त्यांना म्हातारीचं सांगितलं. त्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि मग म्हणाले की म्हातारी पाणी चाखेल ते ठीक आहे, पण त्याआधी तिला पाण्यात हिरडा टाकून बघायला सांग, पाणी काळं पडलं तर लोखंड आहे, आमच्याकडे चिमुकली पोरंसुद्धा करतात. मी तिथल्या तिथे वहीत बदललं.

कुणाला जायचं असेल तर नोव्हेंबर ते फेब्रुवारी जा, पावसाळ्यात छपाई जवळजवळ बंद असते कारण कापड वाळत नाही. शुक्रवारी जाऊ नका, आणि एलएलडीसी सोमवारी बंद असतं. कारखान्यात आधी फोन करा आणि शक्यतो दोन दिवस लागोपाठ जा, एका दिवसात छपाई आणि भट्टी दोन्ही दिसत नाही. फोटो काढण्याआधी विचारा, विशेषतः नवीन डिझाइनचे. आणि पिंपाचं झाकण काढून दाखवायला नक्की सांगा, वास सहन करा.